किती परसावर?

नगर जिल्ह्यात शेतामध्ये दगडांचा ढीग दिसला, त्यावर घाणेरी आणि तरवड माजलेला असला, की शेजारी विहीर आहे हे खुशाल ओळखावे. विहीर लांबून दिसत नाही. तिच्या पोटातून जे काढले ते दिसते. त्यातला मुरूम रस्त्याला जातो, घडीव निघेल असा दगड पायाला आणि बांधाला जातो, उरलेले वर्षानुवर्षे तिथेच पडून असते. गुराख्यांच्या पोरांखेरीज तिकडे कोणी फिरकत नाही. मला मात्र लहानपणापासून विहिरीपेक्षा त्या ढिगाचे वेड. ऊन कलायला लागले की ढिगात मध्येच एखादी जागा लकाकते. जवळ जाऊन दगड उलटा केला, तर त्याच्या पोकळीत पांढऱ्या सुयांचा झुबका असतो, नाहीतर फिकट गुलाबी, मेणचट पापुद्रे एकमेकांना टेकून उभे असतात. कधी मूठभर जागेत स्वच्छ, चौकोनी, टोकाला निमुळते झालेले खडे. आमच्याकडे या सगळ्यांना एकच नाव आहे, गारा.

विज्ञानकथांमध्ये एक स्फटिक पुन्हा पुन्हा भेटतो. त्यात काळाचे तुकडे साठवलेले असतात. उजेडात धरला की कुणाची तरी हरवलेली संध्याकाळ आत हलताना दिसते. ती कल्पना मला ओढून घेते. गेलेला काळ हातात धरून पाहावा असे कुणाला वाटत नाही? पण राहुरी, संगमनेर, पारनेरच्या विहिरींवर फिरताना मला पटत गेले, की ही वस्तू कल्पनेने घडवायची गरज नव्हती. ती ढिगात पडलेली आहे. तिच्यातला काळ वाचायला फक्त एक अट आहे, आणि ती अट आपण रोज मोडतो आहोत.

आधी खडकाचे सांगतो. विहीर खणणाऱ्यांच्या तोंडी त्याचे थर ठरलेले असतात: वर काळी माती, तिच्याखाली मुरूम, मग मांजऱ्या, मग काळा पाषाण, मध्येच कुठे तांबड्या मातीचा हातभर पट्टा, आणि पुन्हा मांजऱ्या. पावसाळा चुकला की खोली वाढते, आणि खोली मोजतात परसात. एक परस म्हणजे साधारण सहा फूट. सात परस, नऊ परस असे आकडे उन्हाळ्यात पारावर ऐकू येतात. माणसे त्या आकड्यांत पाण्याचा हिशोब करतात. त्याच आकड्यांत काळाचाही हिशोब बसतो, एवढेच मला म्हणायचे आहे.

साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी ही भूमी आजच्यापेक्षा पुष्कळ दक्षिणेला, विषुववृत्ताच्या पलीकडे होती, आणि जमिनीला भेगा पडून त्यातून लाव्हा वाहत होता. एकदाच वाहून थांबला नाही. एक प्रवाह आला, थिजला. त्यावर दुसरा, त्यावर तिसरा. अकोले तालुक्यातून कळसूबाईकडे पाहिले की डोंगराच्या अंगावर जे आडवे पट्टे दिसतात, ते हेच प्रवाह. त्या 1646 मीटरच्या उंचीत केवढी उलाढाल थिजून बसली आहे! दोन प्रवाहांच्या मध्ये उसंत मिळाली, की वरचा खडक झिजून त्याची माती होई. पुढचा लाव्हा त्या मातीवर पसरला आणि ती भाजून निघाली. विहिरीत लागणारा तांबडा पट्टा म्हणजे ती उसंत. लाव्हा किती वेगाने आला याच्या गोष्टी खूप सांगितल्या जातात, पण मला त्या तांबड्या पट्ट्याची ओढ जास्त. आगीच्या दोन लोंढ्यांच्या मधल्या काळात इथे पाऊस पडला होता, दगडाची माती झाली होती. वरखालच्या काळ्या कातळाहून ती मला जवळची वाटते.

लाव्हा थिजताना त्यातली वाफ आणि वायू वर धावतात. जे सुटले नाहीत, त्यांचे बुडबुडे खडकातच राहिले. मांजऱ्यामध्ये मुगाएवढ्यापासून माणूस आत बसेल एवढ्यापर्यंत ज्या पोकळ्या असतात, त्या अशा झाल्या. मग पाणी आले. फटींतून झिरपत, खोल गेल्यावर ऊन होत, खडकातली सिलिका, चुना, सोडियम, पोटॅशियम विरघळवत ते या पोकळ्यांत शिरले आणि आपल्या ओझ्यातले थोडे थोडे भिंतीवर ठेवत गेले. आधी हिरवट मातीचे अस्तर, मग स्टिल्बाइट आणि ह्यूलँडाइटचे पापुद्रे, स्कोलेसाइटच्या सुया, कॅल्साइट, गारगोटी. आणि बऱ्याच ठिकाणी सगळ्यांच्या शेवटी अ‍ॅपोफिलाइट. कोण कुणाच्या अंगावर वाढला हे पाहिले की कोण आधीचा आणि कोण नंतरचा हे कळते. गुलाबी स्टिल्बाइटवर काचेसारखा अ‍ॅपोफिलाइट बसलेला असेल, तर गुलाबी थोरला. एखाद्या घरात फोटोवरून पिढ्या ओळखाव्यात तसे त्या पोकळीतले वय लावता येते.

मात्र थोरला म्हणजे किती थोरला? दोघांमध्ये वर्ष गेले की युग? इथून मी ज्याला काळाचा तुकडा म्हणतो आहे, तो सुरू होतो.

अ‍ॅपोफिलाइटच्या घडणीत पोटॅशियम असते. निसर्गातल्या पोटॅशियमचा अगदी बारीकसा भाग किरणोत्सारी असतो, पोटॅशियम-40. तो आपल्या चालीने फुटत राहतो. त्याला उष्णतेचे, दाबाचे, कशाचेच सोयरसुतक नसते; आजचा साठा निम्मा व्हायला सुमारे 125 कोटी वर्षे लागतात. फुटणाऱ्या दर दहा अणूंतला साधारण एक आरगॉन वायू होतो, बाकीचे कॅल्शियम. तो आरगॉन स्फटिकाच्या जाळीत अडकून राहतो. स्फटिक जन्मला त्या दिवशी त्याच्या पोटात असा आरगॉन नव्हता. आज आहे तो सगळा मधल्या काळात जमलेला. तो मोजायचा, पोटॅशियम मोजायचे, आणि भागाकार करायचा. रुबिडियम आणि स्ट्रॉन्शियम यांच्या जोडीने हेच दुसऱ्या वाटेने करता येते, म्हणजे एका उत्तरावर दुसऱ्याचा ताळा घेता येतो. या रीतीने दख्खनच्या स्फटिकांची वये काढली, तेव्हा त्यातले काही अ‍ॅपोफिलाइट लाव्हा थंड झाल्यावर कोट्यवधी वर्षांनी वाढलेले निघाले. खडक झोपलेला होता, वर डोंगर झिजत होते, आणि खाली अंधारात पाणी नवे काही घडवत बसले होते.

हे पहिल्यांदा वाचले त्या रात्री मला झोप आली नाही. आपण पायाखालच्या जमिनीला मेलेली समजतो. एकदा आग झाली, विझली, गोष्ट संपली असे आपल्या मनात पक्के असते. पण गोष्ट पुढे चालू होती.

दुसरा तुकडा त्याहून आश्चर्याचा आहे. स्फटिक वाढताना त्याच्या अंगात कधी कधी खाच राहते, तिच्यात भोवतीचे पाणी शिरते आणि पुढचा थर वरून तोंड बंद करतो. कॅल्साइटमध्ये, गारगोटीच्या खड्यांमध्ये असे थेंब असतात, बहुधा डोळ्यांना न दिसणारे. पातळ काप करून सूक्ष्मदर्शकाखाली धरला की थेंबात एक बुडबुडा दिसतो. पाणी कोंडले गेले तेव्हा ते ऊन होते, थेंबाने ती जागा भरून टाकली होती. गार होताना ते आकसले आणि बुडबुड्याला जागा झाली. आता काप हळूहळू तापवतात. बुडबुडा लहान होत जातो आणि एका तापमानाला नाहीसा होतो. निदान तेवढे तरी ते पाणी ऊन होते. ज्या पाण्याला कोणी पाहिले नाही, ज्याच्या काठी एकही माणूस कधी उभा राहिला नाही, त्याचा ताप आपण आज मोजू शकतो.

आणि हे कुठे? ज्या जिल्ह्यात मार्चपासून टँकरची वाट पाहतात तिथे. म्हणून यातले पाणी मला नुसते रसायन वाटत नाही. अ‍ॅपोफिलाइटच्या शंभर ग्रॅममध्ये साधारण सोळा ग्रॅम पाणी असते. ओल म्हणून नाही, त्याच्या घडणीतच विणलेले. स्टिल्बाइट तापवला तर पाणी सोडतो आणि बाहेर हवेत ओल असली की पुन्हा धरतो. पाणाड्याने नारळ हातावर धरून दाखवलेल्या जागी सात परस खणून कोरडी गेलेली विहीर मी पाहिली आहे. तिच्या काठच्या ढिगात गारा चमकत होत्या. त्या कुटुंबाला हवे ते पाणी त्या दगडांत होते, आणि त्यांच्या काही उपयोगाचे नव्हते. त्यांच्यासमोर मी गारांच्या देखणेपणाविषयी एक शब्द काढला नाही.

पाण्याचे हे काम थांबलेले नाही. पारनेर तालुक्यात वडगाव दर्याला दर्याबाईच्या दरीत उतरलात, तर कपारीला चुन्याचे लवणस्तंभ लोंबताना दिसतात. खडकातून चुना घेऊन आलेले पाणी टोकाशी थांबते, आपला अंश ठेवते आणि खाली पडते. तिथे भाविक देवीला जातात, जावेच. पण वर मान करून पाहिले तर थर चढताना पाहायला मिळतो. निघोजला कुकडीच्या पात्रात तेच पाणी उलटे काम करते. पुरात गरगरणाऱ्या गोट्यांच्या मदतीने त्याने काळ्या पाषाणात रांजणखळगे कोरले आहेत. एकीकडे ठेवणे, एकीकडे काढणे. आमच्या कोरड्या जिल्ह्याला आकार दिला तो पाण्याने.

आता त्या अटीविषयी.

राहुरी तालुक्यात मोमीन आखाडा नावाचे गाव आहे. तिथल्या खोदकामात जे हिरवे अ‍ॅपोफिलाइट निघाले, त्यांनी जगभरच्या संग्राहकांना वेड लावले. हिरवे म्हणजे कसे, तर पोपटी आणि पाचूच्या मधले. व्हॅनेडियमच्या अंशाने आलेले. निमुळते खडे एका मध्यापासून सगळ्या दिशांनी फुटून गोल झालेले, प्रत्येक खड्यावर उजेड वेगळा पडतो. परदेशी संग्राहक त्याला डिस्को म्हणतात. राहुरी आमच्याकडे कृषी विद्यापीठासाठी आणि मुळा धरणासाठी प्रसिद्ध. पण युरोप-अमेरिकेतल्या खनिजांच्या बाजारांत हे नाव त्या हिरव्या रंगासाठी उच्चारले जाते. जवळच सिन्नरला के. सी. पांडे यांनी उभे केलेले गारगोटी संग्रहालय आहे. तिथे पोराबाळांना घेऊन अवश्य जावे. आपल्या बांधावरच्या वस्तूंना काचेत, उजेडात, नावागावासकट पाहणे हा वेगळाच अनुभव असतो.

नावागावासकट, हे महत्त्वाचे. कारण असंख्य स्फटिक नावागावाशिवाय निघून जातात. ही रीत जुनी आहे. एकोणिसाव्या शतकात बोरघाटातून आगगाडीचा रस्ता फोडला गेला तेव्हापासून दख्खनचे स्फटिक साहेबांच्या संग्रहात जाऊ लागले, आणि चिठ्ठीवर नुसते ‘पूना’ एवढेच असे. आजही विहिरीवरून खडा हातात घेणारा पहिला माणूस तो कुठला हे पक्के जाणतो. दुसऱ्या हातात गेल्यावर तालुका उरतो, तिसऱ्या हातात जिल्हा, चौथ्यात नुसता भारत. काही वेळा व्यापारी मुद्दाम ठिकाण लपवतात, आपली विहीर दुसऱ्याला कळू नये म्हणून. त्यांचा धंदा मी समजू शकतो. पण खडा कोणत्या प्रवाहातला, तांबड्या पट्ट्याच्या वरचा की खालचा, शेजारी कोण होते, हे एकदा सुटले की कोणतीही प्रयोगशाळा ते परत देऊ शकत नाही. तिने वय काढले तरी ते कशाचे वय? पाणी कुठल्या वाटेने आले, कोणत्या थरात आधी आले, हे सांगणारा साक्षीदार आपण घरी आणला आणि त्याचे गाव विसरलो.

माझ्या आत्याच्या शोकेसमध्ये, बार्बीच्या आणि शिर्डीच्या फोटोच्या मध्ये, एक हिरवट गोळा आहे. आत्या त्याला सणाला ओल्या फडक्याने पुसते. मी विचारले, “आत्या, कुठल्या विहिरीतला गं हा?” ती म्हणाली, “निघला व्हता कुठंतरी. तुझ्या मामांनी आणला व्हता. आता ते असते तर सांगितलं असतं.” मामांना जाऊन बरीच वर्षे झाली. गोळा तसाच झळकतो, त्याच्यातला आरगॉनही जमतोच आहे, पण त्याची विहीर मामांबरोबर गेली.

हा प्रश्न फक्त दगडांचा असता तर मी एवढा अडून बसलो नसतो. याच जिल्ह्यात माणसांच्या वस्तूंचेही असेच झाले आहे. प्रवरेच्या काठी दायमाबाद आहे. 1974 साली तिथे एका भिल्ल शेतकऱ्याला झुडपाच्या मुळाशी खणताना चार जड ब्राँझच्या मूर्ती सापडल्या: बैलजोडी जुंपलेला रथ आणि त्यात उभा माणूस, गेंडा, हत्ती, म्हैस. चौघांचे मिळून वजन 60 किलोंहून जास्त. इतके सुंदर काम, की भारतीय कलेच्या कोणत्याही पुस्तकात तो रथ दिसतो. पण त्या मूर्ती शास्त्रीय उत्खननात, थर मोजत असताना निघाल्या नाहीत. पुरातत्त्वज्ञ म. न. देशपांडे, शि. रं. राव आणि साळी यांनी त्यांना उत्तर-हडप्पा काळातल्या मानले. धर्मपाल अग्रवाल यांनी धातूत एक टक्क्याहून जास्त आर्सेनिक असल्यावर बोट ठेवून त्या पुष्कळ नंतरच्या असतील असे म्हटले. वाद उभा राहिला, कारण मूर्तीला तिच्या मातीची साक्ष नव्हती. ज्याला सापडल्या त्याचा यात काहीच दोष नाही. त्याच्यामुळे तर त्या जगाला दिसल्या. पण मातीने सांगायचे ते राहून गेले.

त्याच प्रवरेवर खाली नेवासे. 1954 ते 56 मध्ये ह. धी. सांकळिया यांच्या देखरेखीखाली डेक्कन कॉलेजने तिथे खणले. लहान मुलांच्या दफनांपैकी एकात तांब्याच्या मण्यांची माळ निघाली. मण्यांच्या आत दोऱ्याचे अवशेष शिल्लक होते. तपासले, तर कापसाबरोबर रेशीम. तांब्याच्या क्षारांनी तीन हजारांहून जास्त वर्षे एवढासा धागा कुजू दिला नाही. कुणी आईने किंवा आजीने ओवलेली ती माळ असेल. आणि ती कोणत्या थरात, कोणत्या मडक्यांबरोबर, कुणाच्या गळ्यात होती हे नोंदलेले असल्यामुळे तो धागा आज बोलतो. तीच माळ कुणी विहिरीच्या ढिगातून उचलून पुसून ठेवली असती, तर मणी उरले असते, धागा झटकला गेला असता.

त्याच लोकांची पाती आठवतात. नेवाशाला, दायमाबादला गारगोटीच्या जातीच्या दगडाची लहान लहान पाती ढिगांनी मिळतात. मांजऱ्याच्या पोकळीत पाण्याने साठवलेली सिलिका झिजून नदीत आली, आणि या माणसांनी तिच्यापासून धान्य कापायला, कातडे सोलायला धार काढली. नदीने गोळा केलेले ते गोटे त्यांनीही असेच उलटेपालटे करून पाहिले असतील.

विहिरीची नोंद ठेवणे आपल्याला नवे नाही. भूजल सर्वेक्षणाची माणसे ठरावीक निरीक्षण विहिरींची पाणीपातळी वर्षातून चार वेळा मोजतात. सरकारी योजनेतल्या विहिरीची खोली, व्यास, मुरूम किती, पाषाण किती हे मोजमाप पुस्तकात चढते, कारण त्यावर पैसे निघतात. मला त्या कागदात एक रकाना वाढलेला पाहायचा आहे: गारा लागल्या का, किती परसावर, रंग कोणता. विज्ञानाच्या मोठ्या यंत्राची त्याला गरज नाही. शाळेतली मुलेही हे करू शकतील. गावात विहीर चालू असली की तिथे जायचे, एक चिठ्ठी लिहायची आणि चिठ्ठी खड्याबरोबर ठेवायची. गावाच्या नावाची, गटनंबराची, परसाची चिठ्ठी. खडा विकायचा तर विकावा, दुष्काळात त्याचे चार पैसे आले तर चांगलेच. चिठ्ठी मात्र त्याच्याबरोबर जावी.

तोवर ही नोंद एका जागी शाबूत आहे, यारीवर काम करणाऱ्यांच्या डोक्यात. गेल्या उन्हाळ्यात राहुरीच्या पुढे एका विहिरीवर सुरुंगाची दुपारची पाळी झाली आणि धूळ बसेपर्यंत सगळे बाभळीखाली आले. त्यांच्यातले सर्वांत वयस्क काका तंबाखू मळत होते. ढिगातून उचललेला दगड मी त्यांच्यापुढे धरला.

“काका, या गारा किती परसावर लागल्या?”

त्यांनी दगड हातात न घेताच सांगितले. “पाचव्याला. चवथ्याला मांजऱ्या लागला, मंग तांबडं, अन्‌ तांबड्याच्या खाली हातभर गेल्यावर पहार आत गेली. पोकळ व्हतं. त्यात ह्या.”

“तांबड्याच्या वर काहीच नव्हतं?”

“पांढऱ्या सुया व्हत्या बारक्या. ह्या गुलाबी न्हाई. गुलाबी खालीच.”

मी वही काढली. ते पाहून त्यांनी हात झटकले आणि जरा पुढे सरकून बसले. मागच्या सालची विहीर सांगितली, त्याच्या आधीची सांगितली. कुठे हिरव्या निघाल्या, कुठे नुसता चुना, कुठे पोकळी एवढी मोठी की आत उतरून बिडी ओढली. गाव, मालकाचा मळा, परस, थर; एकही अडखळ नाही. यारीच्या चालकाने वरून हाक मारली, धूळ बसली होती. काकांनी त्याला हातानेच थांबवले.

“लिवा,” ते म्हणाले, “टाकळीची राहिली. ती नऊ परस जाऊन कोरडी गेली. पर आठव्याला काय निघलं, ते ऐका.”